मिक्सिंग

आमच्या मिरजेत एडिटिंगला एडिटिंग कुणी म्हणायचं नाही, मिक्सिंग म्हणायचे. लग्नाचं शूटिंग झालं की "कॅसेट मिक्सिंगला दिलीय" असं चार जणांना सांगायचं आणि मिक्सिंगहून सीडी यायला इतके महिने लागायचे की तोवर नवरीला दिवस गेलेले असायचे. माझ्या मामाचा फोटो स्टुडिओ होता, मागच्या खोलीत एसी, तोही माणसांसाठी नाही, कॉम्प्युटरसाठी. बारावीच्या सुट्टीत मी तिथे जाऊन बसायला लागले ते त्या एसीसाठी, खोटं कशाला बोलू. बसल्या बसल्या मामाने माऊस हातात दिला. बदामातून उघडणारा वाइप, कमळातून उगवणारे नवरा-नवरी, ताजमहालासमोर तरंगणारे नवरा-नवरी, हे सगळं मी केलंय आणि मनापासून केलंय.

मामाचा नियम एकच होता. "इफेक्ट कुठलाही टाक, पण माणूस गाळू नकोस."

मी गाळला. म्हणजे गाळली. नवऱ्याची थोरली आत्या कॅमेऱ्यासमोर पदर सारखा करत जवळजवळ पाऊण मिनिट नुसती उभी होती, मला वाटलं कंटाळवाणं आहे, उडवलं. सीडी घरी गेली, सगळं खानदान टीव्हीसमोर बसलं, शेवटपर्यंत आत्याबाई आल्याच नाहीत. आता त्या आत्याचं आणि नवऱ्याच्या वडिलांचं आधीपासून जमिनीवरून वाजलेलं होतं हे मला कुठून माहीत असणार, पण ती सीडी म्हणजे पुरावाच झाला की बघा, मुद्दाम वगळलं. चार माणसं स्टुडिओत आली, आवाज वाढले, मामाने हात जोडले आणि फुकटात पुन्हा मिक्सिंग करून दिलं. मला एक शब्द बोलला नाही. त्या महिन्याचे माझे पाचशे रुपये तेवढे दिले नाहीत.

हे आधी सांगितलं कारण अलीकडे दोनतीन मुलामुलींनी विचारलं की ताई, डॉक्युमेंट्री एडिटर व्हायचंय, कोर्स कुठला करू आणि सॉफ्टवेअर कुठलं शिकू. सॉफ्टवेअरचं उत्तर सोपं आहे, कुठलंही. मी शिकले ते आता कुणी वापरत नाही. २०११ मध्ये अ‍ॅपलने फायनल कटची नवी आवृत्ती आणली आणि तिच्यात जुने प्रोजेक्ट उघडेचनात, आमच्या लाइनीत अक्षरशः सुतक पडलं होतं, मग कुणी प्रीमिअरवर गेलं, कुणी अ‍ॅव्हिडवर, आता निम्मी पोरं दाविंचीवर आहेत. बटणं पंधरा दिवसांत येतात. कोर्सचं म्हणाल तर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची, म्हणजे एफटीआयआयची, परीक्षा मी दोनदा दिली, एकदा लेखीत गेले आणि एकदा मुलाखतीत, त्यामुळे तिथे काय शिकवतात ते तिथल्यांना विचारा. मी फक्त एफटीआयआय आणि फिल्म अर्काइव्ह मिळून उन्हाळ्यात जो फिल्म अ‍ॅप्रिसिएशनचा महिनाभराचा कोर्स घेतात तेवढा केला, आणि तिथे एकदा स्टीनबेकला, म्हणजे जुन्या काळच्या फिल्म एडिटिंगच्या मशीनला, हात लावायला मिळाला. जेवणाच्या टेबलाएवढं मशीन, वर आडव्या फिरणाऱ्या चकत्या, चित्राची पट्टी वेगळी आणि आवाजाची वेगळी. सोळा एमएमच्या एका फुटात ४० फ्रेम, सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे माणसाने एक "अं..." केलं की ती पट्टी वीतभर भरते, ती बोटात धरता येते. मला ते फार भारी वाटलं. मिरजेत मी जी आत्या डिलीट दाबून उडवली ती इथे कापून, हातात धरून, मग बाजूच्या खिळ्याला लटकवावी लागली असती.

डॉक्युमेंट्री या प्रकाराबद्दल तेव्हा मला शून्य माहिती होती. बाबा सांगायचे की थिएटरात पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचं समाचारचित्र लागायचं आणि ते लागलं की लोक बाहेर जाऊन वडा खाऊन यायचे. तेवढीच काय ती माहिती. नंतर कळलं की आपल्याकडे हे कथापटाच्याही आधीपासून चालू आहे, सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ मध्ये मुंबईत हँगिंग गार्डनला कुस्ती शूट केली होती आणि फाळक्यांनी राजा हरिश्चंद्राच्या आधी पैसे उभे करायला म्हणून काय केलं, तर कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याचा वेल वाढताना थोड्या थोड्या वेळाने एकेक फ्रेम घेतली. कित्येक दिवसांची वाढ बघता बघता पडद्यावर. आणि घरात रात्री बसून कोऱ्या फिल्मला भोकं पाडायला, केमिकलं कालवायला कोण, तर त्यांची बायको सरस्वतीबाई. त्यांना भारतातली पहिली एडिटर म्हणतात. अंधाऱ्या खोलीत बसणारी बाई ही परंपरा तिथून आहे म्हणायची.

२००७ मध्ये मुंबईला आले, वर्सोव्याला आरामनगरात एका एडिट रूममध्ये असिस्टंट म्हणून. असिस्टंट म्हणजे कॅप्चरिंग. तेव्हा मिनीडीव्ही टेप असायच्या, तासाची टेप कॉम्प्युटरवर घ्यायला बरोबर तासच लागायचा, शॉर्टकट नाही, तासाला १३ जीबी जायचे आणि हार्ड डिस्क सोन्याच्या भावात, त्यामुळे काय घ्यायचं आणि काय नाही हे टेप बघूनच ठरवावं लागायचं. बाकीच्या असिस्टंटांना ही शिक्षा वाटायची, ते टेप लावून खाली चहाला जायचे. मला बाहेर कुणी ओळखीचंच नव्हतं म्हणून मी बसून बघायचे, वहीत लिहायचे. टाइमकोड, कोण बोललं, काय बोललं, मागे कुत्रं भुंकलं का, प्रकाश गेला का. पहिल्या फिल्मच्या ७४ टेप अशा बघितल्या आणि मी जे काही शिकले ते त्यातच. कारण खरा माल इंटरव्ह्यूमध्ये नसतो हो. इंटरव्ह्यूत माणूस पाहुण्यासमोर बसल्यासारखा बोलतो. कॅमेरामन स्विच बंद करायला विसरतो, फ्रेममध्ये नुसते पाय आणि चपला दिसतायत आणि मागून आवाज येतो, "झालं का? चहा ठेवू ना?" आणि मग त्या चहाच्या नादात ती बाई एक वाक्य असं बोलून जाते की तुमचा आधीचा दीड तास त्याच्यापुढे फुकट.

ते वाक्य वापरायचं का, हा प्रश्न तेव्हा मला पडायचा नाही. मिळालं की उड्या मारायचे.

लोकांना वाटतं एडिटर म्हणजे नको ते कापणारा. सिनेमात असेलही तसं थोडंफार, तिथे निदान स्क्रिप्ट असते. डॉक्युमेंट्रीत दिग्दर्शक दोन वर्षं फिरून शंभर तास घेऊन येतो आणि त्याला वाटत असतं की त्याच्याकडे फिल्म आहे. त्याच्याकडे शंभर तास आहेत. फिल्म भिंतीवर होते, पोस्टकार्डाएवढ्या चिठ्ठ्या चिकटवून, एकेका चिठ्ठीवर एकेक प्रसंग, त्या रोज हलवायच्या, संध्याकाळी वाटतं जमलं आणि सकाळी येऊन बघितलं की कचरा. म्हणून काही ठिकाणी एडिटरचं नाव दिग्दर्शकांच्या बरोबरीने लागलंय. अमेरिकेत शार्लट झ्वेरिन म्हणून एक बाई होत्या, डॉक्युमेंट्री करणाऱ्या मेझल्स भावांबरोबर काम करायच्या. रोलिंग स्टोन्सच्या डिसेंबर १९६९ च्या एका फुकट कॉन्सर्टमध्ये, अल्टामाँटला, गर्दीत एका माणसाला भोसकून मारलं आणि ते यांच्या कॅमेऱ्यात आलं. आता असलं फुटेज हातात असताना एडिटर काय करेल, शेवटासाठी राखून ठेवेल ना. झ्वेरिनबाईंनी सुचवलं की हे आधी त्या बँडला एडिट टेबलवर दाखवू आणि ते बघतायत हेच शूट करू. १९७० च्या त्या फिल्ममध्ये, 'गिमी शेल्टर'मध्ये, बँडचा गायक मिक जॅगर मशीनवर स्वतःचंच फुटेज बघताना दिसतो, पुन्हा मागे घ्यायला लावतो, काही बोलत नाही फारसा. दिग्दर्शनात तीन नावं आहेत, दोघं भाऊ आणि झ्वेरिन.

हे मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला त्यातली आयडिया तेवढी कळली, भारी स्ट्रक्चर आहे असं डायरीत लिहिलं होतं. ज्याचं फुटेज त्याला आधी दाखवायचं, यात आयडियेपलीकडे काही असेल हे डोक्यात आलं नाही. ते यायला अजून बरीच वर्षं आणि एक बारसं लागलं.

पैशाचं पटकन सांगून टाकते कारण विचारतात सगळेच. मोठी डॉक्युमेंट्री तुम्हाला जेवू घालत नाही. तीनतीन मिनिटांच्या संस्थांच्या फिल्म, कंपन्यांच्या वार्षिक कार्यक्रमाची एव्ही, बँकेच्या ट्रेनिंगचे व्हिडिओ, यावर घरभाडं निघतं आणि मग आठ-नऊ महिने एका फिल्मला देता येतात. एका संस्थेने दोन वर्षं पेमेंट दिलं नाही, फोन केला की "मॅडम फिल्डवर आहेत". असू दे.

तर ती फिल्म. ऊसतोड कामगारांवरची. दिग्दर्शक आणि कॅमेरामन दोन सीझन बीड जिल्ह्यातल्या एका वाडीवरच्या टोळीबरोबर राहिले होते, दिवाळीनंतर गाव सोडायचं, कारखान्याच्या तळावर कोपी, म्हणजे झोपडी, घालायची, चारपाच महिने तोड, मग परत. नवरा-बायको मिळून एक कोयता मोजतात, दोन माणसं, एक कोयता. हंगामाच्या आधी टोळी नेणाऱ्या मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घ्यायची आणि तोडून ती फेडायची, फिटली नाही तर पुढच्या वर्षी पुन्हा त्याच्याकडेच. ११० तासांचे रशेस, म्हणजे न कापलेलं फुटेज, आले. मी एकदाही तिथे गेले नव्हते, एडिटरने शूटला जाऊ नये असं माझं तेव्हा मत होतं, आजही थोडं आहे, कारण तिथे जाऊन आलेला माणूस प्रत्येक शॉटच्या प्रेमात असतो, "अगं तो शॉट घ्यायला आम्ही पहाटे तीनला उठलो होतो". मला काय त्याचं. पडद्यावर पहाटेचे तीन दिसत नाहीत.

पण नऊ महिने रोज आठ तास त्या माणसांबरोबर राहिल्यावर मला सगळं माहीत होतं. कोण मोळी बांधताना तोंडाने आवाज करतो, कुणाच्या कोपीत चूल उजवीकडे, कुणाचा पोरगा कॅमेरा दिसला की शर्टाची बटणं लावतो. पहिले पंधरा दिवस तिथली बोली कानावरून जात होती, मग इतकी बसली की घरी आईला फोनवर "कव्हा" म्हणाले आणि आई म्हणाली, तू बरी आहेस ना. पहिली असेंब्ली, म्हणजे प्रसंग नुसते ओळीने लावून, पाच तास चाळीस मिनिटांची झाली. शेवटची फिल्म ७२ मिनिटांची.

त्यात एक प्रसंग होता हिशोबाचा. हंगाम संपलाय, मुकादम बाजेवर डायरी घेऊन बसलाय, टोळी भोवती. तो म्हणतो, "माझ्याकडं कुणाचा एक रुपया इकडचा तिकडं होत न्हाई." पण हे म्हणण्याआधी तो खूप घोळ घालतो, बोटाला थुंकी लावतो, पानं उलटतो, पेन चालत नाही म्हणून झटकतो, सगळं मिळून एक्केचाळीस सेकंद. मला एकोणीस पाहिजे होते. मधलं कापलं की त्याचं डोकं टुणकन उडी मारणार, ते झाकायला मध्ये दुसऱ्या कुणाचा तरी शॉट हवा, कटअवे म्हणतात त्याला. कॅमेरा एकच होता आणि तो सगळा वेळ मुकादमावर. मग शोधाशोध. आणि तीन आठवडे आधीच्या कार्डवर, तळावरच्या एका बारशात, एक बाई सापडली, टोळीतलीच, चाळिशीची, मान थोडी तिरकी करून एका बाजूने हसलेली. कुणीतरी बाळाच्या नावावरून काहीतरी बोललं होतं त्यावर. दोन सेकंद आठ फ्रेम. प्रकाश जुळत होता. साडी तर तीच होती, हिरवी.

साडी तीच होती कारण तिने तळावर आणल्याच दोन होत्या. हे मला लॉग करताना माहीत होतं, माझ्या वहीत लिहिलंय. तेव्हा मला ते कंटिन्युइटी मिळाली म्हणून बरं वाटलं होतं.

लावला शॉट. मुकादम म्हणतो एक रुपया इकडचा तिकडं होत नाही, कट, ही बाई तिरकी मान करून हसते, कट, डायरी मिटते. जमलं म्हणजे काय जमलं. दिग्दर्शक खुर्चीतून उठून उभा राहिला. फेस्टिवलला बरोबर त्या जागी हॉल हसायचा, दोन ठिकाणी हसला, तिथे आलेल्या एका परदेशी बाईंनी मला शोधून काढून त्या कटबद्दल हात हातात घेऊन सांगितलं. मीही खोटं नाही बोलत, रात्री झोपताना तो कट आठवून खूश व्हायचे.

मग फिल्म वाडीवर दाखवायची ठरली, आणि तेव्हा मी पहिल्यांदा गेले. जिल्हा परिषदेच्या शाळेची भिंत, भाड्याचा प्रोजेक्टर, पुढे सतरंजी, मागे खुर्च्या. मी एसटीतून उतरले तर समोरच ती चूल उजवीकडे असलेली बाई आणि मी तिला नावाने हाक मारली, "कशा आहात?" म्हटलं. ती माझ्याकडे बघतच राहिली. तिने मला आयुष्यात पहिल्यांदा बघितलं होतं. मला तिच्या धाकट्याचा दुखरा कान माहीत होता आणि तिला मी कोण हेच माहीत नव्हतं. इतकं विचित्र वाटलं की मी घाईघाईने "मी मुंबईची, फिल्मवाली" असं काहीतरी बोलले.

फिल्म सुरू झाली. लोक स्वतःला बघून हसतायत, ओरडतायत, मेलेला बैल दिसला तेव्हा एक म्हातारा उठून बाहेर गेला. हिशोबाचा प्रसंग आला. मुकादम पहिल्या रांगेत खुर्चीवर, त्याला बोलावणं होतंच. भिंतीवर तो म्हणाला एक रुपया इकडचा तिकडं होत न्हाई, कट, ती हसली. आणि सगळी वाडी हसली. फेस्टिवलपेक्षा मोठ्याने. मुकादमही हसला, मागे वळला आणि म्हणाला, "आमाला हसती व्हय गं?"

चेष्टेतच म्हणाला. तसंच वाटलं निदान.

संपल्यावर ती माझ्याकडे आली. रागाने नाही, बाकीच्या बाया चहा देत होत्या, तिने मला थोडं बाजूला घेतलं, कंदुरीच्या जेवणात कुणी कमी पडलेलं मीठ हळूच मागावं तसं. "बाई, मी तवा कुठं हसले व्हते? हे त बारशातलं हाय." मी म्हटलं हो. ती म्हणाली, "दिवाळीला उचल याच्याकडूनच घ्यायची हाय मला."

माझ्याकडे उत्तरं होती. कटअवे म्हणजे काय, सगळेच करतात, संमतीपत्रावर तुमचा अंगठा आहे, फिल्म तुमच्याच बाजूची आहे. यातलं एकही मराठीत तिच्या तोंडावर बोलता येईना. दोन सेकंद आठ फ्रेमचं ते हसू मी तिच्या बारशातून उचलून मुकादमाच्या तोंडावर मारलं होतं, आणि त्याची किंमत द्यायची तर ती तिनेच. मामाने माणूस गाळू नकोस एवढंच सांगितलं होतं, घुसडू नकोस हे सांगायचं राहून गेलं.

परत आल्यावर दिग्दर्शकाशी कडाक्याचं वाजलं. त्याचं म्हणणं, ती हसली नसेल पण तिच्या मनात तर तेच आहे, तू स्वतः ११० तास बघितलेस, खोटं आहे का ते? खोटं नव्हतं. तीच तर गोची. पण ती ते मुकादमाच्या तोंडावर कधी हसली नाही आणि का हसली नाही यावरच तर आख्खी फिल्म होती. आठवडाभर बोलणं बंद. शेवटी प्रोजेक्ट उघडला, शॉट काढला, मिक्स पुन्हा, थिएटरची कॉपी पुन्हा, खर्च अर्धा माझ्या फीमधून. आता मी टाइमलाइनवर दुसऱ्या दिवसाचा, दुसऱ्या जागेचा जो शॉट वापरते त्यावर लाल मार्कर टाकते, आणि एडिट लॉक, म्हणजे कायमचं पक्कं, करायच्या आधी ज्यांच्यावर फिल्म आहे त्यांना एकदा दाखवायचंच हे आधीच बोलून घेते. दोन दिग्दर्शकांनी यावरून दुसरा एडिटर बघितला. बघू देत.

आता त्या प्रसंगात कट नाही. एक्केचाळीस सेकंद मुकादमच आहे, थुंकी लावतो, पानं उलटतो, पेन झटकतो, मग म्हणतो. कुणी हसत नाही. दिग्दर्शकाच्या मते तिथे फिल्म झोपते आणि काही दिवशी मलाही तसंच वाटतं.

दिवाळीनंतर मी तिला फोन लावला, म्हणजे तिच्या पोराच्या फोनवर. उचल मिळाली, म्हणाली. गेल्या वर्षीपेक्षा जरा कमी मिळाली. त्या वर्षी पाऊसही कमी होता, ऊसही कमी, सगळ्यांनाच कमी मिळाली असेल, मी म्हटलं कॅमेरामन दादा तिकडे येणार आहेत, त्यांना मुकादमाशी बोलायला सांगू का.

"नगं नगं," ती म्हणाली. मग पोराला फोन देताना मागून आवाज आला, "कोण हाय गं?" आणि ती म्हणाली, "ती मिक्सिंगवाली."

मिक्सिंग हा शब्द मी तिच्यासमोर कधीच काढला नव्हता.